फडताळातील उष्मा

पूर्वी घराच्या भिंतीतल्या फडताळात डबे आणि पोथ्या असत. आता तेथे फायबरची पेटी, राऊटर व सीसीटीव्हीचा रेकॉर्डर येऊन बसला आहे. वायरी दिसू नयेत म्हणून आपण दारही लावून घेतो. खरे दुखणे तेथूनच सुरू होते.

विजेवर चालणारे असे यंत्र जेवढी वीज घेते, तेवढी अखेर उष्णतेच्या रूपाने बाहेर टाकते. आमच्याकडील ही तीन यंत्रे मिळून सुमारे ३० वॅट वीज घेतात. आकडा लहान वाटतो, परंतु यंत्रे अहोरात्र चालू असतात आणि ऊब दाराआड साचत जाते. घरगुती राऊटर साधारणपणे ४० अंश सेल्सिअसपर्यंतच्या हवेसाठी बनवलेले असतात. आमच्या खानदेशात मे महिन्यात पारा ४४-४५ वर जातो. २०२४ च्या उन्हाळ्यात धाकट्या बहिणीचा प्रवेशअर्ज भरदुपारी अर्ध्यावर असताना राऊटर बंद पडला, तेव्हा हा प्रश्न माझ्यापुरता पुस्तकी उरला नाही.

उपाय आप्पांनी सुचवला. ते चौथीपर्यंतच शिकले, पण आमची कांदाचाळ त्यांनीच उभारली आहे. चाळ जमिनीपासून उंच असते व तळाला फटी असतात. गार हवा खालून शिरते, तापलेली वरून निघून जाते. साठवलेला कांदाही श्वसन करतो, ऊब टाकतो. हवा कोंडली की सडतो. ‘‘मग तुझ्या पेट्यांचीही चाळच कर,’’ आप्पा म्हणाले.

त्याप्रमाणे दाराला तळाशी आणि माथ्याशी जाळी बसवली. वरच्या जाळीला संगणकातला १२ व्होल्टचा छोटा पंखा, हवा बाहेर फेकेल असा लावला. यंत्रे एकावर एक न रचता चार बोटे अंतरावर ठेवली. इन्व्हर्टरची बॅटरी मात्र अशा फडताळात कधीही ठेवू नये. चार्ज होताना तिच्यातून हायड्रोजन वायू सुटतो.

येथे एक मर्यादा ध्यानात घ्यावी. पंखा हवा हलवतो, थंड करीत नाही. त्यामुळे फडताळ खोलीपेक्षा गार होत नाही. म्हणून यंत्रे पश्चिमेच्या भिंतीत किंवा पत्र्यालगत नसावीत; आतल्या भिंतीत, खालच्या अंगाला असावीत. कूलरचा दमट झोत त्यांच्यावर सोडू नये. महिन्यातून एकदा कोरड्या ब्रशने धूळ झाडावी.

मित्रहो, माझ्यासारख्या, घरातून प्रथमच कॉलेजात आलेल्या मुलामुलींचे अर्ज, निकाल आणि कितीतरी पुस्तके आज याच फडताळातून येतात. तेथे वारा खेळता ठेवणे, हाही अभ्यासाचाच एक भाग समजावा.