गोविंदराव टेंबे : नाट्यपदाकडून चित्रगीताकडे

गोविंद सदाशिव टेंबे यांचा जन्म ५ जून १८८१ रोजी झाला. त्यांची जडणघडण कोल्हापुरात झाली. शाहू महाराजांच्या आश्रयाने अल्लादियाखाँ तिथे वास्तव्याला आले होते आणि गाणे कानावर पडण्याची संधी तिथे सहज मिळे. हार्मोनियम मात्र गोविंदराव बव्हंशी स्वतःच्या मेहनतीने शिकले. भास्करबुवा बखले यांना त्यांनी गुरू मानले. या पेटीवर त्यांनी साथ तर केलीच, शिवाय एकल वादनाची मैफलही रंगवली. गवयाच्या मागे बसणाऱ्या वाद्याला त्यांनी मैफलीत पुढची जागा मिळवून दिली.

रंगभूमीवर त्यांचे नाव झाले ते १९११ साली. काकासाहेब खाडिलकरांचे ‘मानापमान’ किर्लोस्कर नाटक मंडळीने आणले, भामिनीच्या भूमिकेत बालगंधर्व होते आणि पदांच्या चाली टेंब्यांच्या. पूरबकडच्या ठुमरी-दादऱ्याचा लडिवाळपणा त्यांनी मराठी पदात आणला. नाट्यसंगीताचे वळण बदलणाऱ्या मोजक्या नाटकांत ‘मानापमान’ची गणना करावी लागते, आणि त्याचे बरेचसे श्रेय चालींना आहे. १९१३ साली बालगंधर्व आणि गणपतराव बोडस यांच्यासह त्यांनी गंधर्व नाटक मंडळी काढली. पुढे तिच्यातून बाहेर पडून त्यांनी शिवराज नाटक मंडळी उभी केली, नाटके लिहिली आणि भूमिकाही केल्या.

वयाच्या पन्नाशीत ते बोलपटाकडे वळले. कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीचा, व्ही. शांताराम दिग्दर्शित ‘अयोध्येचा राजा’ १९३२ साली प्रदर्शित झाला. तोच पहिला मराठी बोलपट. संगीत टेंब्यांचे, हरिश्चंद्रही तेच, तारामती दुर्गा खोटे. पार्श्वगायन तेव्हा नव्हते. नटाने कॅमेऱ्यासमोर अभिनय करता करता गायचे, वादकांनी चौकटीबाहेर दडून साथ द्यायची, आणि दोन्ही आवाज त्याच वेळी मुद्रित व्हायचे. सूर घसरला तर सगळे दृश्य पुन्हा. नाटकात प्रेक्षकांच्या ‘वन्समोअर’वर फुलणारे पद इथे थोडक्यात आटोपावे लागे. गायक नट आणि संगीतकार या दोन्ही नात्यांनी ही अडचण सोसणारा माणूस प्रभातला लाभला, हे मराठी बोलपटाचे भाग्यच.

त्याच वर्षी ‘माया मच्छिंद्र’मध्ये त्यांनी मच्छिंद्रनाथ साकारला. ‘अग्निकंकण’, ‘सिंहगड’ आणि ‘सैरंध्री’ यांचे संगीतही त्यांचेच. ‘सैरंध्री’च्या रंगीत प्रती जर्मनीत तयार करून आणल्या होत्या. १९३३ साली प्रभात पुण्याला गेली आणि १९३४ च्या ‘अमृतमंथन’पासून तिथल्या संगीताची धुरा केशवराव भोळे यांच्याकडे आली. टेंब्यांचा प्रभातमधला काळ असा थोडका, पण मराठी चित्रगीताचा पाया त्यातच घातला गेला.

उत्तरायुष्यात त्यांनी लेखणी चालवली. ‘माझा संगीत व्यासंग’, ‘माझा जीवनविहार’ आणि अल्लादियाखाँचे चरित्र ही त्यांची पुस्तके. गवयांच्या गायकीविषयी मराठीत इतक्या जाणकारीने आणि जिव्हाळ्याने लिहिणारे त्या पिढीत फार थोडे होते. मैफलीतली बारीकसारीक जागासुद्धा ते साध्या वाक्यात नेमकी पकडतात, कारण त्या गायकीला त्यांनी स्वतः पेटीवर साथ केलेली असते. ९ ऑक्टोबर १९५५ रोजी त्यांचे निधन झाले.