वाफेचा मंत्र

मुलांनो, जादूच्या गोष्टीत मांत्रिक मंत्र पुटपुटतो आणि वाफ त्याच्या हुकमात वागते. असा मंत्र आपल्या प्रत्येकाच्या स्वयंपाकघरात आहे. त्याचे नाव प्रेशर कुकर!

पाण्याची वाफ झाली की तिला सुमारे १६०० पट जागा लागते. बंद कुकरमध्ये ती मिळत नाही, म्हणून दाब वाढतो. मग पाणी १०० ऐवजी सुमारे १२० अंश सेल्सिअसला उकळते आणि डाळ लवकर शिजते. दाब फार झाला की वाफ शिट्टीचे वजन उचलून बाहेर पडते. शिट्टीच अडकली तर सेफ्टी व्हॉल्व्ह वाट करून देतो. आम्ही इंजिनिअर मंडळी कुठलेही यंत्र चालवण्याआधी ते आवरायची सोय पाहतो, ती अशी.

हाच दाब रेल्वेच्या इंजिनात दट्ट्या ढकलतो. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याला गेलेली गाडी साहिब, सिंध आणि सुलतान या तीन इंजिनांनी ओढली होती. मेलबर्नजवळच्या डँडेनाँग डोंगरात १९०० साली सुरू झालेल्या ‘पफिंग बिली’च्या मार्गावर आजही वाफेची इंजिने धावतात.

आता महत्त्वाचे. खरी वाफ दिसतच नाही. पांढरे दिसतात ते पाण्याचे बारीक थेंब. कातडीवर वाफेचे पाणी होताना ती आपली सगळी उष्णता तिथेच सोडते, म्हणून तिचा चटका उकळत्या पाण्याहून वाईट. तेव्हा शिट्टीजवळ हात नेऊ नका, आणि दाब उतरेपर्यंत आईबाबांनाही झाकण उघडू देऊ नका!