मामा कापायचे नाहीत

कनेरगाव नाक्यावर वाशीम-हिंगोली रस्त्यालगत एक फोटो स्टुडिओ आहे. पुढे पासपोर्ट फोटोचा पांढरा पडदा. मागे पत्र्याच्या खोलीत संगणक, इन्व्हर्टर आणि एडिटिंग करणारा पोरगा. मे महिन्यात दोन दुपारी मी त्याच्या शेजारी बसून काढल्या.

दोन कॅमेरे, एक ड्रोन, सात तासांचं लग्न. आधी आवाज जुळवायचे. शेवटचं 'सावधान' झालं की बँड सुटतो. दोन्ही कॅमेऱ्यांच्या आवाजाची रेघ तिथे एकदम उसळते. त्या जागी त्यानं चित्रं एकाखाली एक बसवली. मग कापाकापी. नवरीच्या आजीचा अक्षतांचा हात जवळून वर जाताना दिसला आणि खाली आला तो भरल्या मांडवात. मधला कट मला दुसऱ्या खेपेला सापडला.

"हात चालू असतानाच कापायचं सर. थांबल्यावर कापलं की धक्का बसते."

हेच मोठमोठ्यांनी मुव्हिओला या संकलनाच्या यंत्रावर, सेकंदाला 24 फ्रेम मोजत केलं. 'शोले'ला त्या वेळी फिल्मफेअर मिळालं ते एकच, संकलनाचं, एम. एस. शिंदे यांना. गोव्यातल्या पोंबुर्फ्याचे वामन भोसले बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली शिकले. 'इनकार'ला त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्याहून मला नवल वाटतं ते 'आंधी' आणि 'कर्ज' एकाच माणसाच्या हातून गेल्याचं. तिकडे फ्रान्समध्ये आन्येस गिय्यमो गोदार आणि त्रुफो या दोन वेगळ्या स्वभावांच्या दिग्दर्शकांचे चित्रपट कापत होती. दुसऱ्याच्या श्वासाचा ठेका धरायचा आणि आपण दिसायचं नाही, असा हा धंदा.

नाक्यावर मात्र श्वास पाहुण्यांचा. 'हायलाइट' चार मिनिटांचं. तिथे पोरगा राजा. 'ट्रेडिशनल' अडीच तासांचं. त्यात आहेराची अख्खी रांग लागते. "मामा कापले की भांडण लागते," तो म्हणाला. मी म्हटलं, मामा तर पाकीट शोधत उभे आहेत, तेवढं तरी काढ. त्यानं पाकीट शोधणं काढलं, मामा ठेवले.

दुसऱ्या दुपारी कापायला कीर्तन होतं. तोच हात, पण चाल निराळी. महाराज वाक्य अर्धं सोडून थांबले. मला वाटलं, आता कट. तो माऊसवरचा हात काढून बसून राहिला. थोड्या वेळानं बायकांच्या बाजूनं हसू फुटलं, तेव्हा तो तिकडे गेला.

पाचला लाइट गेली. इन्व्हर्टर कुंईकुंई करू लागला, रेंडर 82 टक्क्यांवर. पैनगंगेपलीकडून पेन ड्राइव्ह न्यायला आलेला गृहस्थ दारातच चप्पल काढून म्हणाला, "बाकी राहू द्या. आमचे दाजी कुठं आले ते आधी दाखवा."