येरवाळी : ‘लवकर’च्याही आधीचा शब्द

‘लवकर चल’ या दोन शब्दांचे मराठीत दोन अर्थ होतात. एक, पाय उचल. दुसरा, उशीर व्हायच्या आत निघ. ‘लवकर जेव’ म्हटलं की भराभर घास गिळायचे की सातलाच पानावर बसायचं, हे सांगणाऱ्याच्या तोंडाकडं बघून ओळखावं लागतं. वेगाचं काम आणि वेळेचं काम, दोन्ही कामं प्रमाण मराठीनं एकाच शब्दावर टाकली आहेत.

अमरावती-अकोल्याकडं या कामांची वाटणी केव्हाच झाली आहे. वेगासाठी तिथं ‘लवकर’ आहे, ‘बिगीबिगी’ आहे. वेळेसाठी वेगळा शब्द आहे, ‘येरवाळी’. आजी ‘येरवाळी चाल’ म्हणाली तर ती नातवाला पळायला सांगत नाही, आधी निघायला सांगते. मग रस्त्यानं तो गप्पा मारत गेला तरी तिची हरकत नसते.

पुस्तकात ‘येरवाळी’ असं लिहितात, पण वऱ्हाडी जिभेला ‘ळ’ मानवत नाही. डोळ्याचा ‘डोया’ होतो, काळ्याचा ‘काया’, शाळेची ‘शाया’. त्याच हिशेबानं बोलण्यात ऐकू येतं ते ‘येरवायी’. गंमत म्हणजे ‘ळ’ला दारातून परत पाठवणारी हीच बोली ‘ड’च्या जागी मात्र त्याला बोलावून आणते. गाडीची ‘गाळी’ आणि घोड्याचा ‘घोळा’. दोन्ही खोड्या एकाच वाक्यात बघायच्या असतील तर हे वाक्य घ्या : “सकायी येरवायी ऊठजो बापू, अमरावतीची पयली गाळी धराची हाये.”

एक शब्द, तीन अर्थ

या वाक्यातला अर्थ सगळ्यांत सरळ आहे. दिवस उजाडताना, उन्हं चढायच्या आत. पायटे, झुंजुरका, रामपारी हे पहाटेचे वऱ्हाडी शब्द घड्याळातली एक जागा दाखवतात. येरवायी तशी जागा दाखवत नाही. पाचला उठणाऱ्याची येरवायी चारला असते आणि आठला उठणाऱ्याची सातला. ती माणसावर आणि कामावर ठरते.

म्हणून दुसरा अर्थ संध्याकाळीही चालतो. “येरवायी घरी येजो, अंधार नको करू,” असं माय बाजाराला निघालेल्या पोराला सांगते. इथं सकाळचा काही संबंध नाही. दिवस बुडायच्या आत उंबरठ्यात ये, एवढंच तिचं म्हणणं. शब्द तोच, फक्त ज्याच्या आधी यायचं ती गोष्ट बदलली.

तिसरा अर्थ घड्याळ आणि दिवस दोन्ही सोडून पुढं जातो. “पोरीच्या लग्नाचं येरवायी पाहा, मंग धावपय होते.” हे लग्न पुढच्या वर्षी असेल. येरवायी म्हणजे इथं हाताशी वेळ राखून, नड उभी राहायच्या आधी. प्रमाण मराठीत याच्या जवळ जाणारे दोन शब्द आहेत, पण दोन्ही थोडे चुकतात. ‘वेळेवर’ म्हणजे ठरलेल्या रेघेवर, त्यात हाताशी काही शिल्लक नाही. ‘वेळीच’ला संकटाचा वास आहे. वेळीच उपचार, वेळीच सावध होणं. ‘उद्या वेळीच ऊठ’ असं कुणी म्हणत नाही. येरवाळीत धोका गृहीत धरलेला नाही, शहाणपण गृहीत धरलेलं आहे.

त्यामुळं तो कुठं बसत नाही हेही ध्यानात घ्यावं. ‘येरवाळी लिही’ म्हणजे भराभर लिही नव्हे. अकाली घडलेल्या वाईट गोष्टीला हा शब्द लावत नाहीत. आणि घाईशी तर त्याचं वाकडंच आहे. जो येरवाळी निघतो त्याला घाई करावी लागत नाही, हाच तर या शब्दाचा सगळा मुद्दा.

इंग्रजीतला चुलतभाऊ

इंग्रजीत या शब्दाचा जवळजवळ जुळा म्हणावा असा एक शब्द होता, ‘बिटाइम्स’. आज तो बोलण्यात फारसा सापडत नाही, शब्दकोशात ‘जुना’ असा शिक्का मारून ठेवलेला आहे. त्याचे अर्थ मात्र ओळखीचे वाटतील. सकाळी लवकर, हा एक. उशीर व्हायच्या आत, हाताशी वेळ राखून, हा दुसरा.

सतराव्या शतकात लंडनच्या सॅम्युएल पेप्सनं 1660 ते 1669 अशी जवळजवळ दहा वर्षं रोजनिशी लिहिली. सकाळी लवकर उठल्याची नोंद तो वारंवार याच शब्दानं करतो. 1611 च्या इंग्रजी बायबलमध्ये मुलाला वेळीच शिस्त लावणारा बापच त्याच्यावर खरं प्रेम करतो, अशा अर्थाचं वचन आहे, त्यातही हाच शब्द येतो. पहिला वापर सकाळचा, दुसरा दूरदृष्टीचा. आपल्या पहिल्या गाडीच्या आणि लग्नाच्या वाक्यांसारखाच हा प्रकार.

शेक्सपियरनं त्याची थट्टाही केली आहे. ‘ट्वेल्फ्थ नाइट’ नाटकातला सर टोबी हा पिण्याखाण्याचा शौकीन गडी. मध्यरात्र उलटल्यावरही जागं असणं म्हणजे येरवाळी उठणंच की, असा त्याचा युक्तिवाद. रात्रभर पानटपरीवर बसणाऱ्या कुठल्याही वऱ्हाडी पोट्ट्याला तो पटकन पटेल.

शब्दाची घडणही बघण्यासारखी आहे. ‘बाय’ आणि ‘टाइम’ जुळून तो झाला आणि मागाहून त्याला ‘स’ चिकटला. हा ‘स’ अनेकवचनाचा नाही, जुन्या षष्ठी विभक्तीचा आहे. ‘ऑल्वेज’ आणि ‘नाऊअडेज’ या शब्दांच्या शेवटी तोच उरला आहे. विभक्ती गेली, तिचा प्रत्यय क्रियाविशेषणात गोठून राहिला. मराठीतही हेच झालेलं आहे. सकाळी, दुपारी, रात्री, घरी या शब्दांच्या शेवटची ‘ई’ जुन्या सप्तमीची. आपण ती विभक्ती म्हणून ओळखतही नाही. रूपावरून येरवाळीही त्याच रांगेतला शब्द आहे.

या इंग्रजी शब्दाचं पुढं काय झालं, ते आपल्या कामाचं आहे. ‘आधी’ या अर्थावरून तो ‘थोड्याच वेळात, झटपट’ या अर्थाकडं घसरला. म्हणजे वेळेवरून वेगावर आला, आपल्या ‘लवकर’सारखाच दोन्हीकडं ओढला गेला. पुढं काही बोलींत त्याला ‘अधूनमधून’ असा तिसराच अर्थ चिकटला. एकच शब्द कुणाला लवकर वाटतो, कुणाला झटपट, कुणाला कधीमधी. असा शब्द माणसं हळूहळू टाळायला लागतात. ‘अर्ली’ आणि ‘सून’ हे शब्द कामाला होतेच. आता हा शब्द कुणी वापरला तर तो हौसेनं वापरतो.

वऱ्हाडला हा शब्द का लागला

येरवाळी मात्र अजून स्वच्छ राहिला आहे. त्याचं एक कारण वऱ्हाडच्या उन्हात आहे.

अकोला हे देशातल्या सर्वांत तापणाऱ्या शहरांतलं एक. मे 2024 मध्ये तिथं पारा 45 अंशांच्या वर गेला आणि जिल्हा प्रशासनानं महिनाअखेरपर्यंत जमावबंदीचं कलम 144 लावलं. कामगारांना पाणी आणि सावली द्या, शिकवण्यांचे वर्ग भर दुपारी भरवू नका, असे ते आदेश होते. सरकारी कागदावर त्याला कलम लागतं. घरात तीच गोष्ट एका शब्दात होते : “येरवायी काम उरका, उन्ह लागीन.” इथं लवकर उठणं हा सद्गुण नाही, तब्येतीचा प्रश्न आहे. निंदणाला जाणाऱ्या बाया सकाळी येरवायी वावरात पोचतात, कारण बारानंतरचा प्रत्येक तास दुप्पट महाग पडतो.

दुसरं कारण पावसात आहे. काळ्या कसदार जमिनीचा हा कापूस, सोयाबीन आणि तुरीचा मुलूख. जमीन उन्हाळ्यात नांगरून, वखरून ठेवली नसेल तर मृग बरसल्यावर शेतकरी हात चोळत बसतो. म्हणून दर्यापूरकडचा म्हातारा एप्रिलमध्येच पोराला सुनावतो : “वाही येरवायी झाली तं पान्याची वाट पाहाले आपुन मोकये.” पण हाच म्हातारा पेरणीला घाई करणाऱ्याला अडवतोही. 75 ते 100 मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय पेरू नका, असा सल्ला कृषी खातं दर जूनमध्ये देतं. कोरड्या मातीत बी टाकायची धूळपेर हा जुगार. साधला तर पीक आठवडाभर पुढं, फसला तर दुबार पेरणी. मशागत येरवाळी करायची असते, पेरणी वेळेवर. दोन शब्दांतला फरक इथं थेट बियाण्याच्या पैशांत मोजला जातो.

घड्याळ या मुलखात तसं उशिरा आलं. भुसावळहून अकोला, बडनेरा असं करत लोहमार्ग 1867 मध्ये नागपूरला पोचला आणि वऱ्हाडच्या कापसाला मुंबईची वाट मोकळी झाली. तोवर मिनिटांशी कुणाला कर्तव्य नव्हतं. रेल्वेनं ‘सहा वाजून दहा मिनिटं’ आणली, पण येरवायीची गरज संपली नाही, उलट वाढली. गाडी वेळेवर सुटते, माणसाला मात्र स्टेशनात येरवायीच पोचावं लागतं. राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांनी गुरुकुंज मोझरीहून रुजवलेलं सकाळचं सामुदायिक ध्यान वऱ्हाडच्या कितीतरी गावांत आजही होतं. त्यालाही लोक येरवायीच उठून जातात.

लहान शब्द, मोठी ओळख

बोली ओळखायची तर लोक नामांकडं बघतात. भाजीला काय म्हणता, भांड्याला काय म्हणता. खरं तर बोलीचा पत्ता क्रियाविशेषणांत असतो. ‘काहून’ म्हटलं की माणूस वऱ्हाडचा, ‘का’ म्हणण्याची त्याला गरज वाटत नाही. ‘अथी ये’, ‘तथी ठेव’, ‘उलीसा सरक’, ‘निरा येडा हाये’, ‘सुदा बोल ना’. अथी, तथी, उलीसा, निरा, सुदा हे सगळे क्रियेला किंवा विशेषणाला टेकू देणारे शब्द. वस्तू बदलली की तिचं नाव जातं. मोट गेली, तिचे शब्द गेले. पण ‘इथं’, ‘थोडं’, ‘अगदी’, ‘आधी’ हे सांगायची गरज कधी संपत नाही. म्हणून हे शब्द टिकाऊ असतात, आणि म्हणूनच त्यांच्याकडं कुणाचं लक्ष जात नाही.

ही बोली नुसती गावगप्पांची नाही. अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावचे गाडगेबाबा मुंबईच्या लोकांपुढंही याच बोलीत उभे राहिले. उद्धव शेळके यांच्या 1960 च्या ‘धग’ कादंबरीत नायिका कौतिक आणि तिच्या माणसांचं बोलणं वऱ्हाडीत आहे. परतवाड्यात जन्मलेल्या गो. नी. दांडेकरांनी ‘पूर्णामायची लेकरं’ लिहिली. पुरुषोत्तम बोरकरांच्या ‘मेड इन इंडिया’त तर निवेदनालाच वऱ्हाडी बाज आहे. ग्रिअर्सनच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाचा मराठीचा सातवा खंड 1905 मध्ये निघाला, त्यात वऱ्हाडीचे नमुने छापलेले आहेत. देविदास सोटे यांनी वऱ्हाडी शब्दांचा कोश केला. आणि अमरावती जिल्ह्यातल्या ज्या रिद्धपुरात महानुभावांनी मराठी गद्याचा पाया घातला, तिथं आता मराठी भाषा विद्यापीठ उभं राहिलं आहे.

असं असूनही वऱ्हाडातला शिकलेला माणूस पुण्या-मुंबईत गेला की पहिल्यांदा हेच छोटे शब्द गिळतो. ‘काहून’चं ‘का’ करतो, ‘येरवायी’चं ‘लवकर’ करतो. ‘का’नं फार काही बिघडत नाही, अर्थ तोच राहतो. ‘येरवायी’चं ‘लवकर’ केलं की मात्र अर्थाचा एक तुकडा हातातून जातो, कारण त्याला प्रमाण मराठीत बदली शब्द नाही. इंग्रजीनं आपला असा शब्द हातचा घालवला तेव्हा निदान तिच्याकडं ‘अर्ली’ तरी होता. आपल्याकडं परत तोच ‘लवकर’, दोन अर्थांचा.

तेव्हा येरवाळीला बोलीचा शब्द म्हणून कौतुकानं कोशात ठेवून भागणार नाही. तो प्रमाण मराठीनं उघडपणे घ्यावा. तो उच्चाराला सोपा आहे, अव्यय असल्यानं लिंगवचनाची भानगड नाही, आणि ‘सकाळी’, ‘दुपारी’च्या घरचाच दिसतो. वऱ्हाडच्या वाचकांनी एवढंच करावं : उद्या पुण्याच्या मित्राला निरोप धाडताना ‘लवकर ये’ लिहू नका, ‘येरवाळी ये’ लिहा. त्यानं अर्थ विचारला तर सांगा. नाही विचारला आणि उशिरा आला, तर पुढच्या वेळी नक्की विचारेल.