पुकारा झाला आणि आपण नाही

समजा, आपण कांदिवलीहून दिंडोशीच्या दिवाणी न्यायालयात निघालो, लोकल अडकली, पुकारा होऊन गेला. मग? १९०८च्या दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ९ बघू. दोन्ही पक्ष गैरहजर असल्याने दावा काढून टाकला, तर मुदतीत नवा दावा लावता येतो. प्रतिवादी हजर आणि वादीच नाही, तर त्याच कारणावर नवा दावा लावता येत नाही. मात्र दोन्ही वेळी ३० दिवसांत पुरेसं कारण दाखवून जुना दावा पुन्हा सुनावणीला घ्या म्हणता येतं. उशीर झाला, तर त्याचंही कारण द्यावं लागतं.

वकीलच आला नाही तर? रफीक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१) प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वकिलाच्या चुकीचा भुर्दंड निर्दोष पक्षकारावर पडू दिला नाही.

म्हणजे बघा, गैरहजर माणूस खोटा ठरत नाही. त्याचं ऐकायचं राहिलेलं असतं. आठवण मात्र त्यानेच करून द्यायची.