काळपुळीची लस : कोणास द्यावी, कोणास देऊ नये

गळीत हंगाम सुरू झाला की लासुर्णे परिसरातील ऊस तुटून गेलेल्या रानांत मेंढरांचे वाडे बसू लागतात. अशाच एका वाड्यावरील वयस्क मेंढपाळ गतवर्षी आमच्या चिकित्सालयात आले. वाटेवरील एका गावी काळपुळीने जनावरे दगावल्यामुळे तेथे त्यांच्या कळपाला लस टोचण्यात आली होती. "मेंढरांस्नी टोचली तीच आमालाबी टोचा की, डाक्टर. सून पोटुशी हाय, तिला आधी द्या," असे त्यांचे म्हणणे. उरलेली बाटली कोठून तरी मिळवून त्यांनी फडक्यात गुंडाळून सोबतच आणली होती!

प्रश्न भाबडा वाटला तरी त्याचे उत्तर आम्हांलाही ग्रंथ उघडून नीट पाहावे लागले, हे कबूल केले पाहिजे. आपल्या व्यवसायबंधूंपुढेही असा प्रसंग येऊ शकतो, म्हणून हा विषय येथे मांडत आहोत.

प्रथम नावाचा घोळ. आपल्याकडे 'काळपुळी' हा शब्द दोन निरनिराळ्या व्याधींस लावला जातो. मधुमेही रुग्णाच्या मानेवर वा पाठीवर उठणारी, अनेक तोंडांची, ठणकणारी, पुवाने भरलेली प्रमेहपिडका ही एक; आणि जनावरांपासून येणारा अँथ्रॅक्स ही दुसरी. मौज अशी की पाश्चात्त्यांकडेही तोच प्रकार आहे. अँथ्रॅक्स या ग्रीक शब्दाचा अर्थ कोळसा, तर कार्बंकल या शब्दाच्या लॅटिन मुळाचा अर्थ लहानसा निखारा. संहितांतील अमुक व्याधी म्हणजेच अँथ्रॅक्स, असे ठामपणे म्हणणे मात्र आम्हांस धाडसाचे वाटते. तसे म्हटल्याने रुग्णाचा काही लाभही होत नाही.

या रोगाचा जंतू मातीत बीजाणुरूपाने कित्येक दशके टिकून राहतो. दुसऱ्या महायुद्धात, १९४२ साली, स्कॉटलंडजवळील ग्रुइनार्ड बेटावर या बीजाणूंचे प्रयोग झाले. ते बेट निर्धोक म्हणून जाहीर व्हायला १९९० साल उजाडले. जनावर चरताना बीजाणू पोटात जातात. मनुष्याला बाधा होते ती बहुधा मेलेले जनावर सोलताना, कापताना किंवा त्याचे मांस खाल्ल्याने. ओडिशातील कोरापूट जिल्ह्यात असे प्रसंग वारंवार घडले आहेत.

आता लसीकडे वळू. जनावरांना देतात ती लस मॅक्स स्टर्न यांनी १९३० च्या दशकात दक्षिण आफ्रिकेत सिद्ध केलेल्या वाणाची. त्यापूर्वी १८८१ साली पाश्चर यांनी फ्रान्समध्ये मेंढ्यांवर आपल्या लसीचा जाहीर प्रयोग केला होता. पण ती लस तितकी भरवशाची नव्हती. स्टर्न यांच्या वाणातील जंतू आपले संरक्षक कवच तयार करण्याची शक्ती गमावून बसलेला असतो, परंतु तो जिवंत असतो व विषही निर्माण करतो. शेळ्यांना तर ती कधी कधी बाधतेही. तेव्हा ही बाटली मनुष्यासाठी नाही; गर्भिणीसाठी तर नाहीच नाही. टोचताना चुकून सुई हातात गेली, तर जागा साबणाने धुऊन त्या व्यक्तीला तत्काळ रुग्णालयात पाठवावे.

मनुष्यासाठी निराळी लस आहे. रशिया व चीन येथे मनुष्यांसाठीही जिवंत जंतूंची लस वापरली गेली. अमेरिकेत १९७० साली मान्यता मिळालेल्या लसीत मात्र जंतू जिवंत वा मृत कोणत्याच रूपात नसतो. जंतूच्या विषातील 'संरक्षक प्रतिजन' नावाचे प्रथिन त्यात मुख्य असते, त्यामुळे लसीपासून रोग होण्याचा संभव नाही. आपल्याकडे जवाहरलाल नेहरू विद्यापीठातही याच प्रथिनावर आधारित लसीचे संशोधन झाले आहे.

अमेरिकन लस १८ ते ६५ वर्षे वयाच्या, कामामुळे धोका असलेल्या निवडक लोकांना देतात : या जंतूवर काम करणारे प्रयोगशाळेतील कर्मचारी, बाधित जनावरे किंवा कातडी-लोकर हाताळणारे काही लोक, आणि काही सैनिक. पहिल्या मात्रेनंतर १ व ६ महिन्यांनी, पुढे १२ व १८ महिन्यांनी आणि त्यानंतर धोका असेतो दरवर्षी मात्रा द्यावी लागते. पूर्वीच्या मात्रेची किंवा लसीतील घटकाची तीव्र ॲलर्जी झालेल्यांना ती वर्ज्य आहे. मध्यम वा तीव्र आजारात ती पुढे ढकलतात. केवळ पूर्वसावधगिरी म्हणून गर्भिणीला ती देत नाहीत. बीजाणू श्वासावाटे गेल्याचा प्रसंग ओढवला तर मात्र हिशेब पालटतो. तेव्हा कित्येक आठवड्यांच्या प्रतिजैविकांबरोबर ३ मात्रा देतात आणि गर्भिणीचाही विचार होतो. २००१ साली अमेरिकेत टपालातून बीजाणू पाठवले गेले, २२ जणांना बाधा झाली व ५ दगावले. त्यानंतर या उपयोगाकडे अधिक लक्ष गेले.

आपल्या देशाच्या सार्वत्रिक लसीकरण कार्यक्रमात ही लस नाही. खेड्यातील मेंढपाळाचे खरे संरक्षण कळपाच्या लसीकरणातच आहे. ते दरवर्षी, पशुवैद्यांच्या सल्ल्याने व्हावे. त्या सुमारास जनावराला प्रतिजैविक दिले तर लसीतील जिवंत जंतूच मरतो व टोचणे फुकट जाते, ही गोष्ट पशुपालकांना ठाऊक नसते. अकस्मात मेलेल्या, नाकातोंडातून न गोठणारे काळसर रक्त आलेल्या जनावरास कोणी सोलू वा फाडू नये. पशुवैद्यांना वर्दी द्यावी. २००९ च्या कायद्यानेही ती बंधनकारक आहे.

आमच्या वैद्यांसाठी महत्त्वाचे आणखी आहे. हातावर, मानेवर वा चेहऱ्यावर आधी खाजणारी पुटकुळी, मग फोड, मग मध्ये काळी खपली व भोवती मोठी सूज, आणि एवढे असून वेदना जवळजवळ नाही, असा रुग्ण आला तर मेलेले जनावर हाताळले होते काय, हे आवर्जून विचारावे. प्रमेहपिडका ठणकते, ही ठणकत नाही. मोठा भेद हाच. येथे छेदन नको, जलौका नको, दहनकर्म नको. लेप लावून चार दिवस वाट पाहणे तर सर्वांत वाईट. प्रतिजैविकांनी हा त्वचागत प्रकार बहुधा बरा होतो. उपचाराविना शेकडा १० ते २० रुग्ण दगावू शकतात. आपल्या शास्त्राचा अभिमान बाळगूनच आम्ही सांगतो, असा रुग्ण त्याच दिवशी रुग्णालयात धाडावा.

मेंढपाळांची बाटली आम्ही ठेवून घेतली व पशुवैद्यकीय दवाखान्यात पोहोचवली. सुनेने आजारी जनावराला हातही लावला नव्हता. तिला तपासून, मेंढरे सोलण्याच्या कामापासून दूर राहण्यास सांगून परत पाठवले. सासऱ्यांना ते पटले. लस टोचलेली मेंढरे सहा आठवडे खाटकाला विकू नयेत, हे सांगितल्यावर मात्र त्यांचा चेहरा उतरला. दोन एडक्यांचा सौदा त्यांनी आधीच ठरवून ठेवला होता.