दंगलीच्या बातमीमागची माणसे : जॉन अकोम्फ्रा यांचा सिनेमा

सप्टेंबर १९८५. इंग्लंडमधील बर्मिंगहॅम शहराच्या हँड्सवर्थ भागात दंगल उसळली. कॅरिबियन बेटांवरून आणि भारतीय उपखंडातून आलेल्या कष्टकरी कुटुंबांची ही वस्ती. टीव्हीवर जळणारी दुकाने, ढाली घेतलेले पोलीस आणि पळणारी काळी मुले दिसली. बेरोजगारी, पोलिसांचा रोजचा जाच आणि वंशभेद मात्र दोन मिनिटांच्या बातमीत मावणारे नव्हते.

पुढच्याच वर्षी याच विषयावर 'हँड्सवर्थ साँग्ज' हा माहितीपट आला. दिग्दर्शक होते जॉन अकोम्फ्रा. १९५७ साली घानातील अक्रा येथे जन्मलेले अकोम्फ्रा लहानपणीच ब्रिटनला आले. १९८२ मध्ये त्यांनी मित्रमैत्रिणींसोबत 'ब्लॅक ऑडिओ फिल्म कलेक्टिव्ह' हा गट उभा केला.

त्यांच्या कामाचा मुख्य कच्चा माल म्हणजे अर्काइव्ह फुटेज, म्हणजे जुन्या बातम्या, सरकारी माहितीपट, टीव्ही कार्यक्रम यांतली साठवलेली दृश्ये. इथेच खरी अडचण आहे. ही दृश्ये काळ्या समाजाची असली तरी त्यांनी काढलेली नाहीत. कॅमेरा दुसऱ्याच्या हातात होता, निवेदनही त्याचेच होते. मग अशा दृश्यांतून आपला इतिहास कसा सांगायचा?

अकोम्फ्रांची पद्धत साधारण अशी आहे. मूळ निवेदकाचा अधिकारवाणीचा आवाज बाजूला करून ते तिथे वेगळा आवाज, संगीत किंवा शांतता ठेवतात. दंगलीच्या दृश्याशेजारी ते अनेक वर्षांपूर्वी ब्रिटनमध्ये आलेल्या, कारखान्यांत राबलेल्या, लग्नात नाचलेल्या माणसांची दृश्ये ठेवतात. मग प्रश्न बदलतो. 'ही मुले दगड का मारतात?' याऐवजी 'आशेने आलेल्या या माणसांच्या मुलांवर ही वेळ कोणी आणली?' असे आपण विचारू लागतो. फुटेज तेच राहते, बदलतो तो अर्थ.

या माहितीपटावर वादही झाला. १९८७ मध्ये सलमान रश्दी यांनी 'गार्डियन'मध्ये टीका केली, की यात वस्तीतल्या लोकांच्या स्वतःच्या कहाण्या पुरेशा येत नाहीत. समाजशास्त्रज्ञ स्टुअर्ट हॉल यांनी उत्तर देत नवी भाषा शोधण्याच्या या धडपडीची बाजू घेतली. मला हा वाद आजही महत्त्वाचा वाटतो. अन्याय दाखवणे पुरेसे नाही. तो कोणत्या भाषेत दाखवायचा, हाही राजकीय प्रश्न आहे.

पुढे अकोम्फ्रांनी हॉल यांच्यावरच 'द स्टुअर्ट हॉल प्रोजेक्ट' (२०१३) केला. हॉल यांचे टीव्ही-रेडिओवरील जुने कार्यक्रम आणि माइल्स डेव्हिस यांचे संगीत यांतून तो उभा राहतो. २०२४ च्या व्हेनिस बिएनाले या जागतिक कला प्रदर्शनात ब्रिटनच्या दालनात अकोम्फ्रांचे काम होते. ज्या देशाच्या टीव्ही बातम्या त्यांनी उलट तपासल्या, त्याच देशाचे प्रतिनिधित्व त्यांनी केले.

आपला याच्याशी काय संबंध? ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० जणांचा बळी गेला. त्या धक्क्याने लोकशाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवले. आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' (२०११) तिथूनच सुरू होतो. घोगरे गाताना आज आपण पाहू शकतो, कारण पटवर्धन यांनी त्यांना 'हमारा शहर'साठी कितीतरी आधी चित्रित केले होते. कॅमेरा तिथे नसता, तर उरली असती फक्त एक बातमी.

आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. आपण मोर्चे, सभा, भीमगीते चित्रित करतो, स्टेटसला ठेवतो आणि मोबाइल भरला की पुसून टाकतो. म्हणून कार्यकर्त्यांनी इतके तरी करावे : व्हिडिओसोबत तारीख, ठिकाण आणि बोलणाऱ्याचे नाव लिहावे, त्याच्या दोन प्रती दोन ठिकाणी ठेवाव्यात. वस्तीतल्या ज्येष्ठांना जुने फोटो दाखवून त्यांतली माणसे कोण, हे त्यांच्याच आवाजात रेकॉर्ड करावे. ते गेल्यावर फोटो उरतील, नावे उरणार नाहीत.

दुसऱ्याच्या फुटेजमधून स्वतःला शोधण्याची वेळ अकोम्फ्रांच्या पिढीवर आली. उद्याच्या आपल्या मुलांवर ती येऊ नये, हे मात्र आपल्या हातात आहे.

जयभीम!